डावी खुंटी

दोन हजार चौदा साल होतं आणि मला बासष्टावं लागलं होतं. त्या साली दिवाळीनंतर आमच्या घरात जे घडलं त्यातलं अर्धं सगळ्या भावकीला ठाऊक आहे. उरलेलं अर्धं एकट्या माझ्यापाशी आहे. बायकोला सांगितलं नाही — ती जाऊन चार वर्षं झाली, शेवटी शेवटी माझा हात धरून पडून असायची, तेव्हाही नाही. पोराला नाही. देवापुढं उभा राहतो तेव्हासुद्धा ह्या गोष्टीला वळसा घालूनच हात जोडतो. तुम्हाला सांगतो, कारण तुम्ही समोर बसलेले नाही. समोर माणूस असलं की मला खोटं बोलता येतं — चांगलं बोलता येतं. कळेलच पुढं.

मी तिसरीपर्यंत शाळेत गेलेला माणूस. एवढं लिहायला मला दोन महिने लागले. एक ओळ लिहायची, तिच्यावर बोट ठेवून परत वाचायची, फिरलेलं अक्षर दिसलं की खोडायचं. घरातल्यांना वाटतं म्हातारा वहीत नामजप लिहून काढतोय. वाटू दे.

आता आम्ही सोलापुरात राहतो, शुक्रवार पेठेत, बोळातल्या एका घराच्या वरच्या मजल्यावर दोन खोल्या. तेव्हा नातेपुत्याच्या अलीकडं माळावर आमची वस्ती होती. साठ-पासष्ट मेंढरं, थोड्या शेळ्या, चार एकर जिरायत. पोरगा तानाजी टेम्पोवर जायचा, आठवड्यातनं दोन-तीन दिवस घरी. सून, बायको, मी. आणि मनी — मनीषा, तानाजीची पोरगी. नऊ वर्षांची.

मनीबद्दल सांगतो. साठ मेंढरांतलं कुठलं मेंढरू कुणाचं पिल्लू, ते तिला तोंडावरून कळायचं. मागून नुसतं ओरडणं ऐकून म्हणायची, आबा, ती काळ्या कानाची मागं राह्यली. आणि खरंच राहिलेली असायची. मी ह्यात जन्म घालवला, मला इतकं येत नव्हतं. पण हीच पोरगी तिसरीत असून पहिलीचं पुस्तक वाचू शकत नव्हती. ‘गरम’ लिहिलेलं असलं तर ‘मगर’ वाचायची. बारा सांगितलं की एकवीस लिहायची. बरं, तोंडपाठ सगळं — पान उघडलं की चित्र बघून घडाघडा म्हणायची, आणि ऐकणाऱ्याला वाटावं वाचतेच आहे. चित्र झाकलं की गप्प. वस्तीवरची पोरं तिला ठोंबी म्हणायची. मी काय म्हणायचो? दगड. लाडानं नव्हे.

मग शाळेत नव्या बाई आल्या. मोहोळकडच्या, बदलीवर. पोरीसारखं वय, पण नजर अशी की तिच्यापुढं उगाच सावरून बसावं. एक दिवस त्या वस्तीवर आल्या, घोंगडीवर बसल्या, चहा घेतला आणि सरळ म्हणाल्या की मनीषा मंद नाही आणि आळशीही नाही. काही मुलांना अक्षरं इतरांसारखी ओळखू येत नाहीत. डोकं चांगलं असतं, डोळे चांगले असतात, तरी अक्षर जागेवर ठरत नाही. त्याला अध्ययन अक्षमता म्हणतात, मारून जात नाही, वेगळ्या रीतीनं शिकवावं लागतं. सोलापूरच्या दवाखान्यात तपासणी होते, मी बरोबर येते म्हणाल्या. सुनेच्या डोळ्यांत पाणी आलं. पोरीला तीन वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी शहाणी म्हटलं होतं.

मग बाईंनी विचारलं, हे घराण्यात असू शकतं. घरात आणखी कुणाला लहानपणी असा त्रास होता का?

आता नीट ऐका. माझ्या लहानपणी फळ्यावरची अक्षरं मुंगळ्यांसारखी चालायची. मास्तर म्हणायचे वाच, मी तोंड उघडायचो आणि भलतंच बाहेर यायचं. अंगठे धरून उभा राहिलो, छड्या खाल्ल्या, पोरं हसली, आणि तिसरीत एक दिवस दप्तर टाकून मेंढरांमागं गेलो तो परत फिरलो नाही. लोकांना सांगत आलो — गरिबी होती, बापानं काढलं शाळेतनं. बापानं काढलं नव्हतं. बाप दोनदा फरफटत सोडायला आला होता.

म्हणजे त्या घोंगडीवर एक माणूस असा बसलेला होता की ज्याला मनीचं दुखणं आतून ठाऊक होतं. एक शब्द बोललो असतो — मलाबी व्हायचं बाई असंच — तर त्या पोरीला काय वाटलं असतं? ती तिथंच खांबाला टेकून उभी होती. ऐकत होती.

मी म्हणालो, “आमच्यात कुनी मंद न्हाय.”

हे पहिलं. पण मी जे सांगायला बसलोय ते हे नव्हे. हे परवडलं.

तपासणीला मी जाऊ दिलं नाही. वेड्यांच्या दवाखान्यात पोरगी दाखवली म्हणून गावभर होईल, उद्या सोयरीक कोण करील, असं म्हणालो आणि पाय रोवले. बाईंनी वाद घातला नाही. त्या शाळेत आपल्या रीतीनं शिकवायला लागल्या. ताटात राख पसरून बोटानं अक्षर काढायला लावायच्या. जाड कागदाला एक ओळ मावेल एवढी खिडकी कापून दिली, म्हणजे पानावरची बाकीची गर्दी दिसत नाही. रोज एकच वाक्य वहीत लिहायचं, आपल्या घरचं, खरं झालेलं. आणि घरातल्या वस्तूंवर नावाच्या चिठ्ठ्या चिकटवायच्या. मीठ. पीठ. पेटी. कंदील. मनी शाळेतनं चिठ्ठ्या लिहून आणायची, खळ लावून चिकटवायची आणि जाता-येता वाचत बसायची.

बाईंनी तिला एक गोष्ट पढवली होती. ती पोरगी दिवसभर मंत्रासारखी म्हणायची — जागेवर जायाचं न्हाय, अक्षर बघायचं. का, तर मनी सगळं जागेवरनं ओळखायची. डब्यात मीठ आहे हे तिला डबा कुठं ठेवलाय त्यावरनं कळायचं, चिठ्ठीवरनं नाही. बाई म्हणायच्या, डबा हलवला तर? जागा फसवते, अक्षर फसवत नाही.

आणि आमचं घर तर जागेवरच चालत होतं. माझ्या बापापासनं. छपराच्या मेढीला, म्हणजे मधल्या खांबाला, दोन खुंट्या होत्या. मेंढराच्या पोटात द्यायचं औषध उजव्या खुंटीला, अंगावर मारायचं डाव्या खुंटीला. माणूस उजव्या हातानं जेवतो, म्हणून पोटातलं उजवीकडं — बापानं शिकवलं, मी तानाजीला शिकवलं. जंताची बाटली उजवीकडं, गोचीड मारायची डावीकडं. बाटलीवर काय छापलंय ते आमच्यात कुणी वाचत नव्हतं. वाचायची गरजच नव्हती ना. खुंटी सांगते.

मनीनं त्या दोन्ही बाटल्यांवर चिठ्ठ्या चिकटवल्या. जंत. गोचीड. बरोबर चिकटवल्या — हे मी आज लिहितोय.

चार-पाच महिन्यांत पोरगी वाचायला लागली. फटाफट नाही. अडखळत, घामाघूम होत, पण वाचायला लागली. सुनेनं देवाला नारळ फोडला. बायको शेजारणीला बोलवून दाखवायची. आणि मी? तुम्ही म्हणाल आजा हरखला असेल.

एका संध्याकाळी सगळे अंगणात होतो. मनीनं माझ्या पत्र्याच्या पेटीवर नवी चिठ्ठी लावलेली. मला ओढत नेलं आणि म्हणाली, आबा, ह्ये वाचा की. मी बघितलं. तीच तऱ्हा. साठी उलटली तरी ती अक्षरं तशीच चाळवत होती. मी म्हणालो, डोळ्याला दिसत न्हाय. मनीनं माझं बोट धरलं, पहिल्या अक्षरावर ठेवलं आणि अगदी बाईंच्या आवाजात म्हणाली, “बोट ठिवून वाचा, आबा. घाबरू नगा. पयल्यांदा मलाबी येत नव्हतं.”

सून हसली. बायको म्हणाली, बसवा म्हाताऱ्याला बी तिसरीत. तानाजीसुद्धा हसला, तो फारसा हसणारा नव्हे. कुणाच्या मनात वाईट नव्हतं. मनीच्या तर नव्हतंच — तिनं ओळखलं होतं. सगळ्या घरात तिनं एकटीनं ओळखलं होतं की हा आपल्यासारखाच आहे. पन्नास वर्षं झाकलेलं ते त्या पोरीच्या दोन इंची बोटानं उघडं पडलं.

मी बोट हिसकून घेतलं. आणि त्या दिवसापासनं मला ती पोरगी सलायला लागली. असं असतं का हो? बासष्ट वर्षांच्या माणसाला नऊ वर्षांच्या पोरीचा हेवा? असतो. माझ्यात होता. ती रोज एकेक अक्षर जिंकत होती आणि मला वाटत होतं ती माझ्याकडनं काढून घेतेय. घरात जिकडं बघावं तिकडं पांढऱ्या चिठ्ठ्या. माझ्याच घरात मला चारी बाजूंनी कुणीतरी बघतंय असं व्हायचं.

आता बाटलीचं. दोन महिने मी ह्याच ठिकाणी येऊन थांबत होतो.

दिवाळी झाली, ज्वारी पोटरीला आली होती. गोचीडाच्या बाटलीला खाली चीर गेली आणि औषध मेढीवरनं ओघळायला लागलं. फार नव्हतं, तळाशी राहिलेलं. जंताची बाटली त्याच आठवड्यात कोकरांना देऊन संपली होती, रिकामी लटकत होती. मी काय केलं — रिकामी बाटली घेतली, गोचीडाचं औषध तिच्यात ओतलं, वाया जाऊ नये म्हणून फुटकी बाटली पाण्यानं विसळून ते पाणीही ओतलं. दुधासारखं पांढरं झालं. जंताचं औषधही तसंच पांढरं असतं. झाकण लावलं, आणि ती बाटली डाव्या खुंटीला अडकवली. फुटकी मागच्या काटवणात भिरकावली. पुढच्या बाजाराला नातेपुत्याहून जंताची नवी बाटली आणली, ती उजव्या खुंटीला. तिच्यावर चिठ्ठी नव्हती.

म्हणजे बघा — डाव्या खुंटीला विष, आणि विषावर मनीच्या अक्षरातलं ‘जंत’.

तुम्ही म्हणाल, चुकून झालं. म्हाताऱ्याच्या लक्षात आलं नाही. पुढं कितीतरी वेळा मीही स्वतःला हेच सांगून झोपलोय. पण ओतताना ती चिठ्ठी माझ्या अंगठ्याखाली होती. मी तिच्याकडं बघितलं. अंगणात कुणी नव्हतं, घाई नव्हती. मी बोट ठेवलं आणि वाचलं. वाचता आलं मला. जंत. आणि वाचून, कळून, मी मनात म्हणालो — कागदाला कोण विचारतंय हितं? खुंटी माझ्या बापाची हाय. चिठ्ठी उपटायला एक क्षण लागला असता. ती मी मुद्दाम ठेवली. त्या कागदापेक्षा माझी खुंटी मोठी, हे मला कुणाला दाखवायचं नव्हतं, फक्त मला बघायचं होतं.

मेंढरं मरावीत असं मनात नव्हतं. ते नव्हतं. पण मनात काय होतं ते मी आत्ता सांगितलं.

ती बाटली तिथं अठरा-एकोणीस दिवस होती. मी रोज तिच्याखालनं वाकून छपरात जात होतो. वारा आला की खुंटीवर टकटक वाजायची. दोनदा वाटलं सांगावं. एकच वाक्य होतं, काय जड होतं त्यात? एकदा सून झाडत होती तेव्हा तोंड उघडलंही. पण मग चिठ्ठी तशीच का ठेवली ते सांगावं लागलं असतं. तोंड मिटलं.

त्या दिवशी तानाजी घरी होता. सकाळी उपाशीपोटी मेंढरांना जंताचं औषध पाजायचं ठरलं. मी पन्नास पावलांवर हौदावर पाणी भरत होतो. तानाजीनं वाघरीतनं, मेंढरं कोंडायच्या जाळीच्या कुंपणातनं, मनीला हाक मारली, जंताची बाटली आण. मनी छपरात गेली. पुढं तिनं सांगितलं म्हणून ठाऊक — ती दोन्ही खुंट्यांपुढं थांबली. उजवीकडं नवी बाटली, चिठ्ठी नसलेली. डावीकडं जंत. तिला वाटलं, जंत डावीकडं कसं? मग तिला बाई आठवल्या. जागेवर जायचं नाही, अक्षर बघायचं. तिनं बोट ठेवलं, वाचलं, परत वाचलं, आणि डावीकडली काढली.

ती छपरातनं बाहेर आली तेव्हा मी हौदावरनं बघितलं. तिच्या हातात बाटली होती आणि उन्हात चिठ्ठी चमकत होती. पांढरी. नव्या बाटलीला चिठ्ठी नव्हती.

हे मला त्या क्षणाला कळलं होतं का? इतक्या वर्षांत मी स्वतःला दुसरं काही विचारलं नसेल इतक्या वेळा हे विचारलंय. कधी उत्तर येतं, नाही, तू पाण्याच्या नादात होतास. कधी येतं, कळलं होतं, हात थांबला होता तुझा. आणि मग मी बादली परत हौदात सोडली. एवढं पक्कं आठवतं, बादली सोडल्याचं.

तानाजीनं चौदा मेंढरं पाजली. औषधाला वास होता, पण औषधाला वास असतोच. पंधराव्याचं तोंड उघडलं तेव्हा पहिलं मेंढरू गुडघ्यावर आलं. मग दुसरं. तोंडाला फेस, मान मागं, पाय ताठ होऊन जमीन खरवडायला लागले. सुनेनं ताक आणलं, काय काय केलं. ओरडत नव्हती मेंढरं, तेच वाईट होतं. साठ मेंढरांच्या वाघरीत आवाज नाही, नुसतं पाय घासल्याचं. दुपारपर्यंत अकरा गेली. तालुक्याचे जनावरांचे डॉक्टर आले, बाटलीचा वास घेतला आणि म्हणाले, हे गोचीडाचं आहे, पोटात कुणी दिलं?

तानाजीनं आधी खुंटीकडं बघितलं, मग माझ्याकडं. “आबा, डावीची बाटली गोचीडाचीच ना? मग हिच्यावर जंत कसं?”

अजूनही वेळ होती. मी सांगू शकत होतो. सगळे माझ्याकडं बघत होते, आणि मनी त्यांच्यात होती, बाटली छातीशी धरून. मी खोटं बोललो नाही त्या वेळी. मी नुसतं विचारलं.

“चिठ्ठी कुनी चिकटवली?”

सगळ्यांची तोंडं तिच्याकडं वळली. अक्षरं फिरली, आणखी काय? गरमचं मगर करणारी पोरगी. मनी म्हणाली, “म्या नीट वाचलं, आबा.” आणि बाटली समोर धरून, बोट ठेवून, मेलेल्या मेंढरांत उभं राहून तिनं मोठ्यानं वाचून दाखवलं. बरोबर वाचलं. तानाजीनं थोबाडीत मारली तेव्हा तिचं बोट चिठ्ठीवरच होतं. मार खाऊन ती रडली नाही. बराच वेळ त्या अक्षराकडं बघत राहिली आणि मग हळू म्हणाली, “मंग चिकटवताना माझंच फिरलं आसंल.”

दुपारी आम्ही खड्डा खणला. सगळे मेंढरं ओढायला गेले तेव्हा मी काटवणात गेलो. फुटकी बाटली सापडली. तिच्यावर ‘गोचीड’ची चिठ्ठी अजून धड होती, बाभळीच्या काट्यांत जपून ठेवल्यासारखी. धोतराच्या ओच्यात घातली आणि खड्ड्याच्या तळाशी टाकली. वरनं पहिलं मेंढरू मीच लोटलं.

पुढचं थोडक्यात सांगतो. बाई दोनदा वस्तीवर येऊन गेल्या. पहिल्या वेळी मी मनीला मेंढरांमागं लांबच्या रानात ठेवलं होतं, दुसऱ्या वेळी तिच्या मामाच्या गावी. मग बाईंची बदली झाली. मनीची शाळा सुटली ती सुटलीच. उरलेली मेंढरं दोन वर्षांत विकली आणि आम्ही सोलापूरला आलो. मनी आता विशीची आहे. टॉवेलच्या कारखान्यात घड्या घालते. हात इतका चलाख की मुकादम तिला पॅकिंगवर घ्यायला बघतो, तिथं बरं असतं, बसून काम. ती जात नाही. पॅकिंगवर लेबलं वाचून लावावी लागतात.

ती घरात कुणाला औषध देत नाही. हे तुम्हाला समजावं म्हणून सांगतो. पाण्याचा तांब्या देते, भाकरी देते, पाय चेपते. गोळी देत नाही. मागच्या साली मला साखर वाढून चक्कर आली, घरात ती एकटीच होती. मी म्हणालो, मने, फळीवरली गोळी दे. तिनं सगळा डबा उचलला, माझ्या पुढ्यात ठेवला आणि तीन पावलं मागं सरकली. दोन्ही हात पाठीमागं बांधून उभी राहिली. मला अंधारी येत होती आणि मी त्या डब्यात चाचपडत होतो, आणि ती बघत होती. शेवटी मी कुठलीतरी गोळी तोंडात टाकली. बरोबर होती की नाही ते मलाही वाचता आलं नाही. तेव्हा तिचं तोंड बघितलं मी. कुणीतरी आता मरणार आहे आणि ते आपल्यामुळंच, असं तोंड. नऊ वर्षांची असताना होतं तेच.

संपलं, असं वाटलं असेल तुम्हाला. मलाही इथंच संपवायचं होतं. आठ दिवस वही मिटून ठेवली होती. पण एक सकाळ राहिली आहे — मेंढरं पुरली त्याच्या दुसऱ्या दिवशीची. इतका वेळ मी तिच्याभोवती फिरत होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी शाळेत गेलो. तिसरीत दप्तर टाकल्यापासनं पहिल्यांदा शाळेची पायरी चढलो. पोरीचं नाव काढा, एवढंच सांगायला गेलो होतो. बाईंना सगळं कळलं होतं. त्यांनी मला खुर्ची दिली, मी बसलो नाही. त्यांनी कपाटातनं मनीची वही काढली, रोज एक वाक्य लिहायची ती. एक पान उघडलं आणि मला वाचून दाखवलं. वीस-एक दिवसांमागचं. “आज आबांनी कोकरांना जंताचे औषध दिले. मी बाटली वाचून दिली.”

बाई म्हणाल्या, “आजोबा, म्हणजे चिठ्ठी बरोबर बाटलीवरच होती. कोकरांना काही झालं नाही. बाटलीतलं औषध त्यानंतर बदललं आहे. मनीषाचं काही चुकलेलं नाही, तिला हे आजच कळायला हवं. कुणी बदललं?”

मी त्यांच्या डोळ्यांत बघून म्हणालो, मला ठाव न्हाय. मग म्हणालो, ती वही द्या बाई, घरी दावतो, पोराची समजूत पटंल. त्यांनी विश्वासानं दिली. निघताना म्हणाल्या, मनीषाला सांगा, बाईंनी शाबास म्हटलंय.

वाटेत एक पडकी विहीर होती. वहीला दगड बांधला आणि सोडली.

घरी आलो तर मनी दारात उभी होती. गणवेश घालून, वेणी घालून. गाल सुजलेला. कुणी तिला शाळेत जा म्हटलं नव्हतं, तिनं आपलं आपण आवरलं होतं.

“बाई काय म्हनल्या, आबा?”

मी म्हणालो, “बाई म्हनल्या, तुझंच चुकलं.”

ती आत गेली आणि गणवेश काढून रोजचा फ्रॉक घालून बाहेर आली. मी वाघर उघडली, राहिलेली मेंढरं मोकळी केली, तिच्या हातात काठी दिली आणि तिला पुढं घातलं.